बिनाका, बिड्या आणि दुसरा अंतरा

(माजी विद्यार्थी स्नेहमेळाव्यातील भाषण. बोलले तसेच, थोडे नीटनेटके करून.)



महिनाभरापूर्वी संयोजन समितीतल्या एका धाकट्या बॅचच्या भावाचा फोन आला. "ताई, संध्याकाळी कराओके ठेवलं आहे. त्याआधी तुम्ही 'आपल्या काळातली हिंदी गाणी' यावर वीस मिनिटं बोला." मी म्हटलं, "अरे, मला गाणी येतात, भाषण येत नाही." तो म्हणाला, "मग गाण्यांबद्दलच बोला ना, भाषण करू नका." तेव्हा हे भाषण नाही असं समजून ऐका.

आमगावात माइक हातात आला की भवभूतीचं नाव घ्यावं लागतं, असा आपल्या गुरुजींचा दंडक होता. शेजारचं पद्मपूर हे त्याचं जन्मगाव, असं आपण मानतो. करुण रसाचा एवढा मोठा नाटककार आपल्या वेशीवर जन्मला म्हणून की काय, आमच्या वर्गाला रडकी गाणी फार आवडायची. झालं, भवभूतीचं नाव घेऊन झालं. आता मुद्द्यावर येते.

आमची बॅच दहावी १९७८ ची. म्हणजे आम्ही पाचवीत आलो ते १९७२ साली. तेव्हा गोंदिया जिल्हा नव्हता, आपण भंडारा जिल्ह्यात होतो. आमची शाळेची सहा वर्षं म्हणजे 'बॉबी', 'यादों की बारात', 'कोरा कागज', 'शोले', 'कभी कभी', 'अमर अकबर अँथनी' यांची वर्षं. आज इथं येताना गाडीत याच गाण्यांचा पेनड्राइव्ह लावला होता आणि नवऱ्याला मी तीनदा सांगितलं, "अशी गाणी आता होत नाहीत."

तिसऱ्यांदा सांगितल्यावर माझं मलाच हसू आलं. कारण हेच वाक्य मी लहानपणी ऐकलं होतं, माझ्या वडिलांच्या तोंडून, आणि ते याच गाण्यांच्या विरोधात होतं. माझे वडील रेल्वेत होते, आम्ही स्टेशनाजवळच्या क्वार्टरमध्ये राहायचो. आमच्याकडे रेडिओ होता. मोठा, लाकडी पेटीचा, वर आईनं भरलेला रुमाल. टपाल कचेरीतून शिक्का मारून आणायचं परवान्याचं पुस्तक वडिलांच्या कपाटात कुलूपबंद. रोज सकाळी साडेसात ते आठ रेडिओ सिलोनवर जुन्या चित्रपटांची गाणी लागायची. त्यातलं शेवटचं गाणं ठरलेलं असे, कुंदनलाल सैगल यांचं. ते संपलं की वडील बटण बंद करत, जणू त्यानंतर हिंदी सिनेमात गाणं झालंच नाही. संध्याकाळी नागपूर केंद्राच्या बातम्या आणि कधी नाट्यगीत. बाकी वेळी रेडिओला हात लावायचा नाही.

त्या काळात असे वडील घरोघरी होते. आणि एकदा तर देशाच्या मंत्रिमंडळातही होते. बाळकृष्ण विश्वनाथ केसकर, आपलेच मराठी गृहस्थ, १९५२ मध्ये माहिती आणि नभोवाणी मंत्री झाले. पक्क्या गाण्याचे मोठे चाहते. चित्रपटगीतांनी लोकांची अभिरुची बिघडते असं त्यांचं मत. त्यांच्या धोरणामुळे आकाशवाणीवरची सिनेमाची गाणी जवळजवळ बंद झाली. लोक काय करणार? त्यांनी काटा फिरवला आणि समुद्रापलीकडचं स्टेशन लावलं. त्याच वर्षी डिसेंबरात रेडिओ सिलोनवर अमीन सयानींची बिनाका गीतमाला सुरू झाली. आकाशवाणीला विविध भारती काढायला ३ ऑक्टोबर १९५७ उजाडावा लागला. मंत्र्यांनी बंद केलेलं गाणं देशानं कोलंबोहून ऐकलं आणि वडिलांनी बंद केलेलं गाणं मी स्टेशनापलीकडच्या एका गल्लीत ऐकलं. आज मला त्या गल्लीबद्दलच बोलायचं आहे.

बिनाका दर बुधवारी रात्री आठला लागायची, हे इथं कुणाला सांगायला नको. आठ ते नऊ. सोळा गाणी, खालच्या पायदानावरून एकेक वर चढत जायची. कुठलं गाणं कितवं, हे रेकॉर्डच्या दुकानांतल्या विक्रीवरून आणि गावोगावच्या श्रोता संघांच्या पत्रांवरून ठरे. पहिल्या पायदानाच्या आधी बिगुल वाजायचा. शॉर्टवेव्हवर आवाज लाटेसारखा यायचा आणि जायचा, आणि नेमकं वरचं गाणं लागलं की मुंबई-हावडा लायनीवरून एखादी मालगाडी धडधडत जायची. माझ्या आठवणीत 'कोरा कागज'मधल्या किशोर कुमारच्या गाण्याच्या मधोमध एक मालगाडी आहे. आता मोबाइलवर ते गाणं स्वच्छ ऐकू येतं, तेव्हा काहीतरी राहून गेल्यासारखं वाटतं.

आमच्या वर्गातले मुलगे बिनाका कुठं ऐकायचे, ते आज इथं बसलेत, त्यांना विचारा. स्टेशनसमोरच्या चहाच्या हॉटेलात, पानठेल्यापाशी, सायकली टेकवून. दुसऱ्या दिवशी वर्गात यायचे ते गाणं आधी आणि दप्तर मागून. आम्हा मुलींना पानठेल्यासमोरून जायचं तरी खाली मान घालून जावं लागे, उभं राहणं तर दूरच. अमीन सयानी दर बुधवारी "बहनो और भाइयो" म्हणायचे. बहनो आधी म्हणायचे, हे कधी तुमच्या लक्षात आलं आहे का? माझ्या तेव्हाच लक्षात आलं होतं. मला वाटायचं, या माणसाला कुणीतरी कळवायला हवं, की आमगावात भाइयो हॉटेलात बसले आहेत आणि बहनो भिंतीला कान लावून उभ्या आहेत.

माझी बाकावरची एक मैत्रीण होती. पाचवी, सहावी, सातवी, तीन वर्षं आम्ही एका बाकावर बसलो. तिचं नाव मी इथं घेणार नाही, तिला विचारून आलेले नाही. ती स्टेशनापलीकडच्या गल्लीत राहायची. त्या गल्लीत घरोघरी बिड्या वळायचे. गोंदिया-भंडाऱ्याकडे बिडीचं काम म्हणजे काय ते तुम्हाला सांगायला नको. जंगलातून तेंदूपत्ता यायचा, ठेकेदाराकडून पानं, जर्दा आणि धागा मोजून मिळायचा, आणि हजाराच्या हिशोबानं बिड्या परत द्यायच्या. पानं रात्री भिजत घालायची, सकाळी पत्र्याच्या मापावर कात्रीनं कापायची, मग सूप मांडीवर घेऊन बसायचं. ठेकेदार तपासताना ज्या बिड्या बाजूला काढायचा त्याला छाट म्हणत. छाटीचे पैसे मिळत नसत, पण तिला लागलेला पत्ता आणि वेळ तर गेलेलाच असे.

त्या गल्लीत एकाच घरी ट्रान्झिस्टर होता. बुधवारी संध्याकाळी तो अंगणातल्या ओट्यावर ठेवला जायचा आणि साऱ्या बाया आपापली सुपं घेऊन तिथं येऊन बसायच्या. कंदिलाच्या उजेडात पंधरा-वीस सुपं. कुणी बोलत नसे. मी घरी "गणिताचा अभ्यास करायला जाते" असं सांगून जायची. आईला खरं कारण माहीत होतं, वडिलांना माहीत नव्हतं, निदान मी तरी तसं समजत होते.

आणि खरं म्हणजे ते गणितच होतं. माझ्या मैत्रिणीनं पहिल्याच बुधवारी मला हिशोब शिकवला. एका पुऱ्या गाण्यात आठ-दहा बिड्या होतात. म्हणजे बिनाका संपेपर्यंत शंभर बिड्या. त्या गल्लीत "बिनाका झाली" याचा अर्थ शेकडा झाला. माझ्यासाठी तो मौजेचा तास होता, त्यांच्यासाठी तो कामाचाच तास होता, फक्त लवकर जाणारा. हा फरक मला तेव्हा दिसत होता असं मी म्हणणार नाही. मला वाटायचं, काय मजा आहे यांची, रोज रेडिओ ऐकायला मिळतो.

पण एक गोष्ट तेव्हाही दिसत होती. हात कामात आणि डोळे सुपात, त्यामुळे त्या बायांचे कान पूर्ण मोकळे असायचे. माझी मैत्रीण एकदा ऐकलेलं गाणं विसरायची नाही. नुसता मुखडा नाही, पहिला अंतरा, दुसरा अंतरा, मधल्या वाद्यांची सुरावटसुद्धा. गुरुवारी मधल्या सुट्टीत ती सांगायची आणि मी भूगोलाच्या वहीच्या मागच्या पानांवर उतरवून घ्यायची. बाजारात गाण्यांच्या छापील चोपड्या मिळत, पण त्याला पैसे लागत, आणि शिवाय त्यांतल्या चुका ती पकडायची.

आमच्या घरात मराठी, तिच्या घरात झाडीबोली, मागच्या बाकावर पोवारी, बाजारात हिंदी. गाण्यांत मात्र उर्दू. 'तबस्सुम', 'तसव्वुर', 'बेखुदी' हे शब्द आम्ही कशाशी खातात हे न कळता लिहून घ्यायचो. हिंदीच्या सरांना विचारायची सोय नव्हती, त्यांनी लगेच विचारलं असतं, "हे कुठल्या धड्यात आहे?" मग आम्ही बांगड्या विकणाऱ्या एका चाचींना विचारायचो. त्या आमच्या मनगटावर बांगडी चढवता चढवता अर्थ सांगायच्या. एखाद्या शब्दाचा अर्थ सांगताना जरा हसायच्या आणि म्हणायच्या, "ये बाद में समझेगा." त्यातले काही नंतर समजले, काही अजून समजायचे आहेत.

१९७५ च्या एप्रिलमध्ये सातवीची परीक्षा झाली. त्या उन्हाळ्यात तिच्या मोठ्या बहिणीचं लग्न झालं. लग्नात भोंगा लावला होता, दोन दिवस रेकॉर्डी वाजल्या, आम्ही खूप गायलो. जूनमध्ये शाळा उघडली तेव्हा बाकावर ती नव्हती. मला वाटलं, बहिणीकडे गेली असेल, येईल. आठवड्यानं तिच्या घरी गेले. ती सूप घेऊन बसली होती. बहीण सासरी गेल्यानं घरातले दोन हात कमी झाले होते आणि ते भरून काढायला घरात दुसरे हात नव्हते. कुणी रागावलं नव्हतं, कुणी रडलंही नव्हतं. ती तेरा वर्षांची होती.

पुढं मोठेपणी वाचताना एक तारीख माझ्या डोळ्यांत भरली. बिडी कामगारांच्या कल्याण निधीचा कायदा केंद्र सरकारनं १९७६ साली केला. त्या निधीतून पुढं बिडी कामगारांच्या मुलांना शिष्यवृत्त्या मिळू लागल्या. आपल्याच जिल्ह्यात कितीतरी मुलं त्यावर शिकली. ती १९७५ ला बाहेर पडली. मी असं म्हणत नाही की वर्षभर थांबली असती तर सगळं बदललं असतं. कायदा झाल्या दिवशी पैसे आमगावात पोचत नाहीत. पण १९७६ हा आकडा मला तेव्हापासून बोचतो.

मी मात्र बुधवारी जात राहिले. आता ती ऐकायची आणि तिथंच मला सांगायची, मी कंदिलाजवळ वही धरून बसायची. १९७५ चं वर्षाचं पहिलं गाणं 'रोटी कपड़ा और मकान'मधलं निघालं, महागाईची तक्रार करणारं. त्या रात्री मी पहिल्यांदा त्या बायांना गाणं चालू असताना मोठ्यानं हसताना आणि बोलताना पाहिलं. साखर, रॉकेल, हजारी बिड्यांचा दर, एकेक जण आपली ओळ जोडत होती. 'जय संतोषी माँ' आला तेव्हा तर आमच्या क्वार्टरमधल्या आणि त्या गल्लीतल्या बाया एकाच पॅसेंजरनं गोंदियाला गेल्या. काही जणींनी टॉकीजमध्ये चपला काढून ठेवल्या होत्या. उषाताई मंगेशकरांची आरती सुरू झाल्यावर मैत्रिणीची आई हात जोडून बसली, आणि मला आठवतं, त्या हातांना जर्द्याचा वास होता. आम्ही दोघींनी मिळून पाहिलेला तो एकच सिनेमा.

मग आणीबाणीत, मे १९७६ मध्ये, आकाशवाणीनं किशोर कुमारची गाणी वाजवणं बंद केलं. संजय गांधींच्या कार्यक्रमाच्या प्रचारात सामील व्हायला त्यांनी नकार दिला, म्हणून. आम्हाला कारण तेव्हा कुठं माहीत? एवढंच कळलं की विविध भारतीवर किशोर लागत नाही आणि सिलोनवर लागतो. मैत्रीण म्हणाली, "त्याचा घसा बसला असन." त्याच वर्षी २७ ऑगस्टला मुकेश गेले, अमेरिकेत, कार्यक्रमाच्या दौऱ्यावर असताना. मी शाळा सुटल्यावर पळत पळत तिला सांगायला गेले. ती सुपातून मान वर न करता म्हणाली, "मले मालूम हाये." दिवसभर रेडिओ तिच्याच शेजारी होता ना. मी शाळेत शिकत होते आणि जगाची बातमी तिला आधी कळली होती.

आता जे सांगणार आहे, ते मी शेहेचाळीस-सत्तेचाळीस वर्षांत कुणाला सांगितलेलं नाही.

दहावीची सहल आठवते? डिसेंबर १९७७, नवेगाव बांध. तलावाच्या काठावर पिठलं-भाकरी झाली, मग सरांनी मुलगे विरुद्ध मुली अशा भेंड्या लावल्या. अर्धा तास बरोबरी चालली. मग सरांनी अट घातली, नुसता मुखडा चालणार नाही, दुसरा अंतरा म्हणून दाखवायचा. आणि मुलगे कोसळले! कसे न कोसळणार? हॉटेलात कपबशांचा खणखणाट, गप्पा, कॅरम, पहिल्या अंतऱ्यापर्यंत चहा यायचा. दुसरा अंतरा त्यांच्यातल्या कुणी ऐकलाच नव्हता. मुलींकडून मी एकटी गात राहिले. एकामागून एक. मला बक्षीस म्हणून शाईचं पेन मिळालं, आणि पुढं निरोप समारंभात गुरुजींनी माझा उल्लेख "आपल्या शाळेची लता" असा केला. आजही इथं दोघा-तिघांनी मला त्याच नावानं हाक मारली.

त्या दिवशी मी गायलेला प्रत्येक दुसरा अंतरा तिनं सांगितलेला होता.

परतताना एसटीतून उतरले, तिच्या गल्लीच्या तोंडाशी आले, आणि वळले नाही. सरळ घरी गेले. पुढच्या बुधवारी गेले नाही, मग बोर्डाची परीक्षा होती, मग कॉलेज, मग लग्न. सहलीचं सांगितलं तर तिला वाईट वाटेल, असं मी स्वतःला समजावलं होतं. खरं कारण एवढंच, की टाळ्या मला एकटीला हव्या होत्या.

२०२४ साली २० फेब्रुवारीला अमीन सयानी गेले, ९१ वर्षांचे होऊन. त्या दिवशी आपल्या 'दहावी १९७८' या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर दिवसभर गाणी येत होती. कुणी हॉटेलाची आठवण लिहिली, कुणी पानठेल्याची. मी ग्रुपमधली नावं वरून खाली वाचली. मग पुन्हा वाचली. सातवीत आम्ही मुली अठरा होतो. दहावीच्या परीक्षेला सात बसलो. ग्रुपवर त्या सातांतल्या पाच आहेत. बाकीच्या अकरा कुठं आहेत, हे आपल्यापैकी कुणी कधी विचारलं नाही. मी पण नाही.

मार्चमध्ये मी तिला शोधत गेले. फार लांब जावं लागलं नाही, ती याच तालुक्यात आहे. दारात उभी राहिले, तिनं पाहिलं, ओळखलं, आणि म्हणाली, "काहून वो, आता आठवन आली?" मला उत्तर सुचलं नाही. चहा झाला. नातवाच्या मोबाइलवर मी एक गाणं लावलं. ती ऐकत होती आणि मांडीवर तिची बोटं हलत होती, पान वळून तोंड बंद करतात तशी. बिड्या सोडून तिला दहा-बारा वर्षं झाली आहेत. गाणं मध्येच बंद केलं, म्हटलं बघू या, मला किती येतं. पहिल्या अंतऱ्यानंतर मी अडले. पुढचं तिनं म्हटलं.

मग मी तिला सहलीचं सांगितलं. पेनाचंही. ती थोडा वेळ गप्प बसली. मग तिनं विचारलं, "लिवलं का काही त्याच्यानं?"

मी खरं ते सांगितलं, की ते पेन चार महिन्यांत हरवलं. ती हसली. आम्ही दोघी हसलो, पण मला त्या प्रश्नाचं उत्तर अजून द्यायचं आहे. आज इथं बोलते आहे ते त्यामुळेच.

मी तिला या मेळाव्याला चल म्हटलं. ती म्हणाली, "मी कोठी दहावीची वो? मी त सातवीवाली." मी खूप सांगितलं. ती आली नाही. आणि माझ्या लक्षात आलं, की तिचं म्हणणं आपल्याच यादीप्रमाणे बरोबर आहे. आपण मेळाव्याची यादी केली ती दहावीच्या निकालाच्या कागदावरून. त्या कागदावर ती नाही. राईस मिलमध्ये पोती उचलायला गेलेला मुलगा नाही, नववीत शेतावर बसवलेला नाही, लग्न करून दिलेल्या मुली नाहीत. पण शाळेच्या दाखल-खारीज रजिस्टरमध्ये ही सगळी नावं आहेत, वडिलांच्या सहीसकट, अंगठ्यासकट. ज्यानं या शाळेत नाव घातलं तो या शाळेचा विद्यार्थी. त्याला पास व्हायची अट कुणी घातली?

म्हणून समितीकडे माझी एक मागणी आहे. पुढच्या मेळाव्याची यादी त्या रजिस्टरवरून करा. मुख्याध्यापकांची परवानगी लागेल, ती घेऊ. काम किचकट आहे, नावं जुनी आहेत, मुलींची आडनावं बदललेली आहेत. आमच्या तुकडीचं काम मी करते. सातवीच्या अठरा जणींपासून सुरुवात करते, एक सापडली आहे. बाकीच्या तुकड्यांतून एकेक जण उभा राहिला तर वर्षभरात होईल. आणि निमंत्रण पत्रिकेवर "दहावी १९७८" असं लिहू नका. "प्रवेश १९७२" असं लिहा. म्हणजे कुणाला दारात उभं राहून स्वतःची इयत्ता सांगावी लागणार नाही.

गाण्यांबद्दल बोलायला सांगितलं होतं, आणि मी यादीबद्दल बोलले. पण मला ही गाणी आठवली की हेच आठवतं. आमच्या दशकातली गाणी आधीच्यांपेक्षा थोर होती का, नंतरच्यांपेक्षा चांगली होती का, याचा वाद संध्याकाळी चहावर घालू. मला एवढं माहीत आहे, की ती मी माझ्या घरी ऐकली नाहीत. दुसऱ्याच्या अंगणात, दुसऱ्याच्या रेडिओवर, दुसऱ्याच्या कामाच्या वेळेत ऐकली. त्याची परतफेड राहिली आहे.

आता कराओके सुरू होईल. पडद्यावर शब्द येतील, कुणाला काही पाठ लागणार नाही. गाणाऱ्यांना एक विनंती आहे. वेळ कमी आहे म्हणून मुखडा आणि एक अंतरा म्हणून माइक सोडू नका. दुसरा अंतरा म्हणा. मी मोबाइलवर रेकॉर्ड करून घेणार आहे. उद्या सकाळी तिच्या घरी जायचं आहे, आणि चुका असतील तर ती सांगेलच.